झोपायच्या खोलीखालचा रस्ता

मंगळवारी सकाळी सात वाजून दहा मिनिटांनी उम्म सिद्रा गावाबाहेर सुहैबच्या नव्या घराचा पाया खणणारा जेसीबी दगडाला अडला. ड्रायव्हरने दोनदा रेटून पाहिलं, मग इंजिन बंद केलं आणि सिगरेट पेटवली. खड्ड्याच्या तळाशी एकाला एक चिकटून बसवलेल्या मोठ्या दगडांची ओळ दिसत होती. उत्तर-दक्षिण, सरळ, फुटपट्टीने आखल्यासारखी.

सुहैब खाली उतरला. दगडांवरची माती त्याने तळहाताने झटकली आणि बराच वेळ उकिडवा बसून राहिला. मादबाहून दक्षिणेला जाणाऱ्या रस्त्याच्या डांबरीकरणावर तो मुकादम होता. समोर काय निघालंय हे त्याला लगेच कळलं आणि कळल्याचा काडीचाही आनंद झाला नाही.

"झाकू या का?" ड्रायव्हर वरून म्हणाला. "दोन बकेट माती टाकतो. तू काही बघितलं नाहीस, मी काही बघितलं नाही."

"टाक," सुहैब म्हणाला.

पहिली बकेट रिकामी झाली आणि नेमकी तेव्हाच मोठ्या रस्त्यावर एक पांढरी पिकअप करकचून थांबली. तिच्यातून उतरलेली मुलगी शेतातून जवळजवळ धावत आली. डोक्याला हिरवा रुमाल, धुळीने पांढरे पडलेले बूट, गळ्यात उलटंसुलटं होणारं ओळखपत्र. ही अरीज, जिल्ह्याच्या पुरातत्त्व कार्यालयातली निरीक्षक. ती भलत्याच गावाला निघाली होती. पण तिच्या नकाशावर एका तुटक रेषेने दाखवलेला जुना रस्ता जिथून जातो, बरोबर तिथे तिला जेसीबी उभा दिसला.

"थांबवा!"

"काय थांबवू?" सुहैबने विचारलं. "यंत्र तर बंदच झालं, तुम्हाला बघून."

"खाली काय निघालंय?"

"दगड."

"ते मलाही दिसतंय. कसले दगड?"

"मॅडम, हा सगळा मुलूखच दगडांचा आहे. दगडांनी काय पाटी लावून यायचं?"

अरीज खड्ड्यात उतरली. खिशातून ब्रश काढून तिने एक दगड साफ केला, मग दुसरा. मान वर न करता तिने विचारलं, "काम काय करता तुम्ही?"

"रस्ते बांधतो."

"मग हे काय आहे ते ओळखलंत की नाही?"

सुहैबने ड्रायव्हरकडे पाहिलं. ड्रायव्हर आकाशाकडे पाहत होता.

"ओळखलं," सुहैब म्हणाला. "पण... सांगणार नव्हतो."

अरीजला हसू आलं. ते लपवायला ती पुन्हा दगडावर वाकली, आणि जो दगड आधीच साफ झाला होता तो तिने परत एकदा साफ केला.

काम त्याच दिवशी बंद झालं. रस्ता रोमन होता, सम्राट ट्राजनच्या काळातला. उत्तरेकडून निघून अकाबाच्या समुद्रापर्यंत गेलेला. असा रस्ता या भागात जागोजागी डोकं वर काढतो, त्यामुळे बातमी म्हणून त्यात फारसं काही नव्हतं. प्रश्न होता तो दगडांच्या त्या एका ओळीचा. ट्राजनच्या रस्त्याला मोठ्या दगडांच्या तीन ओळी असत. दोन काठांना दोन आणि एक बरोबर मधोमध, पाठीच्या कण्यासारखी. मधे उंच, दोन्हीकडे उतार. सुहैबच्या घराच्या पायात निघालेली ओळ जर पूर्वेचा काठ असेल, तर सगळा रस्ता तिच्या पश्चिमेला होता. त्या बाजूला त्याला फक्त जैतुनाची रोपं लावायची होती, त्यामुळे घर वाचत होतं. पण ती ओळ जर मधला कणा असेल, तर रस्ता आणखी तीन मीटर पूर्वेला, म्हणजे थेट घराखाली घुसत होता. घर आणखी पूर्वेला सरकवायची सोय नव्हती. तिकडे आजचा डांबरी रस्ता होता, आणि त्याच्या काठाने सोडायची जागा नियमाने ठरलेली होती.

"काठच आहे," सुहैबने पहिल्याच दिवशी ठणकावून सांगितलं. "एवढाले दगड काठालाच लावतात. मधे कोण लावेल? गाड्यांची चाकं मोडतील."

"रोमन लोक लावायचे."

"त्यांना काय कळत होतं रस्त्यातलं?"

"एकोणीसशे वर्षं टिकलाय. तुमचा धिबानकडचा रस्ता किती टिकतो?"

"पहिल्या पावसापर्यंत," ड्रायव्हरने परस्पर उत्तर दिलं.

सुहैबला घराची घाई होती, आणि का होती ते गावात सगळ्यांना माहीत होतं. त्याच्या बापाच्या घरावर थोरल्या भावाने एक मजला चढवला, धाकट्याने दुसरा. तिसऱ्याला नगरपालिका परवानगी देत नव्हती. आणि घराशिवाय मुलगी मागायला जाता येत नाही. मुलीचा बाप आधी विचारतो, ती राहणार कुठे? या प्रश्नाला "बघू" हे उत्तर चालत नाही. सुहैब तिशी ओलांडून गेला होता. त्याच्या आईने, उम्म राइदने, तीन मुली हेरून ठेवल्या होत्या, आणि त्यांतल्या दोघींची लग्नं पायाची परवानगी येईपर्यंत होऊनही गेली होती.

अरीजने चाचणीचा चर आखला आणि काम सुरू केलं. दोन मजूर मिळाले होते. सुहैब सकाळी कामावर जाण्याआधी येई, आणि संध्याकाळी परतताना येई. आपला माल कुणी पळवतंय का ते बघायला येतो, असं तो म्हणे. येताना मरमिय्याची सुगंधी पानं घातलेला चहा थर्मासमध्ये आणी.

"लाच आहे का ही?" अरीजने पहिल्या दिवशी विचारलं.

"चहाला लाच म्हणतात तुमच्या कार्यालयात?"

"साखर जास्त असली तर म्हणतात."

दुसऱ्या दिवशी चहात साखर कमी होती. तिने ते ओळखलं, आणि ती ओळखते का ते त्याने पाहिलं.

तो चराच्या काठावर बसे आणि तिचं काम पाही. थापीने माती खरवडताना ती जीभ दातात धरते हे त्याने टिपलं. तो बोलताना हाताने हवेत उतार काढून दाखवतो, अगदी जेवणाबद्दल बोलतानाही, हे तिने टिपलं. ओळ काठ की कणा, यावर रोज वाद होई. तो रोज नवा मुद्दा आणी, आणि ती रोज तो खोडून काढी. एकदा तिने खोडला नाही तेव्हा तो काळजीने म्हणाला, "बरं नाही का वाटत?"

एका दुपारी पूर्वेकडून वाळवंटाचा वारा सुटला. आधी आकाश पिवळं झालं, मग लाल. मजूर पिकअपच्या आडोशाला पळाले. चरावरची ताडपत्री एका टोकाने सुटून फडफडायला लागली, आणि अरीज एकटीच तिच्यावर लोंबकळत असताना सुहैब कुठूनसा धावत आला. दोघांनी मिळून ती खाली ओढली आणि कडेवर गुडघे रोवून बसले. बोलायला तोंड उघडलं की वाळू आत जात होती. त्याचा हात तिच्या हाताशेजारी होता—बोटभर अंतर असेल—आणि वारा ओसरेपर्यंत ते अंतर कमीही झालं नाही, जास्तही झालं नाही.

शांत झाल्यावर तो म्हणाला, "तुमच्या पापण्यांवर धूळ बसलीय."

"तुमच्या केसांवर बघा. पांढरे झालेत सगळे. अगदी म्हातारे दिसताय."

"बघून घ्या नीट. म्हातारपणी कसा दिसेन त्याची कल्पना येईल."

"मला काय करायचंय त्या कल्पनेचं?"

"असू द्या... कधीतरी उपयोगी पडेल."

अरीजने रुमाल सोडून झटकला आणि पाठ फिरवून पुन्हा बांधला. नेहमीपेक्षा गाठ मारायला तिला वेळ लागला.

पुढच्या आठवड्यात उम्म राइद स्वतः जागेवर आली. मुलाचं घर अडवणारी बाई कोण, ते तिला डोळ्यांनी बघायचं होतं. सोबत तव्यासकट परतलेल्या टोमॅटोची गलाया आणि कापडात गुंडाळलेल्या पातळ शराक रोट्या होत्या, कारण भांडायला जायचं तरी रिकाम्या हाताने जात नाहीत. अरीजला तिने समोर बसवलं, रोटी मोडून हातात दिली, आणि ती पहिला घास घेत असतानाच विचारलं,

"लग्न झालंय?"

"नाही, मावशी."

"का गं? दिसायला तर बरी आहेस."

"आई!" सुहैब म्हणाला.

"तू गप. मी सरकारशी बोलतेय."

अरीजला ठसका लागला. पाणी पिऊन ती म्हणाली, "आले होते दोघे-तिघे. पण बाबांची एक अट आहे. मुलाचं स्वतःचं घर हवं. बाबा सगळं आयुष्य फॉस्फेटच्या खाणीवर होते, कंपनीच्या खोल्यांत. दर बदलीला आईनं भांडी पोत्यात भरायची. ते म्हणतात, माझी मुलगी दुसऱ्याच्या छपराखाली राहणार नाही."

"बरोबर आहे त्यांचं," उम्म राइद म्हणाली. मग तिने अरीजकडे पाहिलं. आपल्या मुलाकडे पाहिलं. मुलगा थर्मासचं झाकण उघडझाप करत होता. शेवटी तिने खड्ड्याकडे पाहिलं. "मग हे खणणं बंद कर ना, बाई!"

सुहैबचे कान लाल झाले. अरीजने दुसरी रोटी घेतली, भूक नसताना.

खणणं बंद व्हायची वेळ तशीही आली होती. मंजूर झालेल्या चराची पूर्वेकडची कड दगडांच्या ओळीपासून दोन हातांवर संपत होती. तेवढ्यात सापडलेल्या पुराव्यावरून काहीच नक्की सांगता येत नव्हतं. पूर्वेला दगडी फरसबंदी लागली होती, पण तुटकीफुटकी. ती रस्त्याची असेल, किंवा नंतर कुणी गोळा करून टाकलेले दगडही असतील. कार्यालयप्रमुखांनी फोनवर विचारलं, अजून किती दिवस? हाताशी असलेल्यावर मत लिहा आणि मोकळ्या व्हा, ते म्हणाले. त्यांच्या बोलण्यात काही खोट नव्हती; त्यांची वाट बघणाऱ्या अशा दहा जागा होत्या. चर वाढवायचा की नाही हे निरीक्षकाच्या मर्जीवर असतं. वाढवला नाही तर कुणी का म्हणून विचारत नाही.

जैतुनाचा हंगाम सुरू झाला होता. बुधवारी मजूर आले नाहीत. सगळा गाव झाडांखाली चादरी अंथरून बसला होता, आणि उम्म सिद्रामध्ये त्या दिवसांत सुतार, मास्तर, न्हावी, कुणीच जागेवर सापडत नाही. अरीज एकटीच चराच्या पूर्वेकडच्या कडेवर उभी होती. तिच्या पायाखाली, चुन्याने आखलेल्या चौकोनात, घराच्या नकाशाप्रमाणे झोपायची खोली होती.

सुहैब आला तेव्हा दुपारचं ऊन तिरपं झालं होतं. तिच्या उभं राहण्यावरून त्याला काहीतरी कळलं. थर्मास त्याने खाली ठेवला.

"काय झालं?"

"ओळीपासून तीन मीटर," तिने बोट दाखवलं. "तिथं दगडांची ओळ निघाली तर तो काठ. म्हणजे आपली ही ओळ कणा. नाही निघाली तर तुम्ही पहिल्या दिवसापासून म्हणताय तेच खरं. घर तुमचं."

"आणि खणलंच नाही तर?"

"तर मी लिहीन, पुरावा अपुरा आहे. ते खोटंही नसेल. तुम्हाला परवानगी मिळेल. कुणाला कळणार नाही."

"तुम्हाला कळेल."

"मलाही कळणार नाही. तेच तर. नुसतं वाटत राहील."

सुहैब चुन्याच्या चौकोनाभोवती एक फेरी मारून आला. दूरवरून जैतुनं झोडपणाऱ्या काठ्यांचा आवाज येत होता, आणि कुणीतरी बाई कुणाला तरी मोठ्याने हसत होती.

"म्हणजे असं," तो हळूहळू म्हणाला, जणू उताराचं माप काढतोय. "समजा, नाही खणलं. घर झालं. माझं लग्न झालं. माझी बायको... जी कुणी असेल ती... या खोलीत झोपेल."

"झोपेल की. सुखानं झोपेल. तिला काय ठाऊक खाली काय आहे? मला मात्र इथून पिकअप नेताना दर वेळी मान दुसरीकडं वळवावी लागेल."

"हां. पण समजा..." तो थांबला. त्याने हाताने हवेत एक उतार काढला, तो अर्ध्यावर सोडला. "समजा, ती आणि तुम्ही... एकच असाल तर?"

अरीजने त्याच्याकडे पाहिलं. मग चुन्याच्या रेघेकडे. मग पुन्हा त्याच्याकडे. तिला उत्तर माहीत होतं. ते बहुतेक वारा सुटला त्या दुपारपासूनच माहीत होतं. पण असं हिशेबात मांडून कुणी विचारेल हे तिच्या ध्यानीमनी नव्हतं.

"तर," ती अगदी हळू म्हणाली, "तिला झोप लागणार नाही."

"तेच म्हणतो मी."

सुहैबने सदऱ्याच्या बाह्या वर सारल्या. पिकअपमधून कुदळ आणि फावडं काढून आणलं.

"हे काय करताय?"

"मजूर जैतुनावर गेलेत ना? तुम्ही सांगा कुठं, मी खणतो. पण एक आहे. निघालं काही तर रडायचं नाही. मी तर रडणार नाहीच, तुम्हीही नाही."

"मी कशाला रडेन? मी सरकार आहे."

"आईला सांगतो तसं."

त्याने खणलं. तिने प्रत्येक थराला थांबवलं, माती चाळली, फोटो काढले, पुन्हा खणायला सांगितलं. तो फार जोरात कुदळ मारायचा आणि ती ओरडायची, "हळू! डांबराचा रस्ता नाही हा!" तो म्हणायचा, "डांबराच्या रस्त्यावर बायका एवढं ओरडत नाहीत." ऊन उतरत गेलं. तुटकी फरसबंदी पुढे सलग झाली, पूर्वेकडे उतरती होत गेली, आणि हा उतार सुहैबने तिच्या आधी ओळखला. त्याने कुदळ बाजूला ठेवली आणि हाताने माती सारू लागला.

तिसऱ्या मीटरच्या शेवटी त्याची बोटं एका दगडाच्या सरळ कडेला लागली. शेजारी दुसरा. त्याच्या शेजारी तिसरा. एकाला एक चिकटून, उत्तर-दक्षिण.

"काठ," सुहैब म्हणाला.

"काठ," अरीज म्हणाली, आणि ठरल्याप्रमाणे रडली नाही. नाक मात्र तिला दोनदा पुसावं लागलं.

दोघं त्या दगडांवर शेजारी शेजारी बसून चहा प्यायले. चहा गार झाला होता. सुहैब जुन्या फरशीवर बूट घासत म्हणाला, "काम चांगलं केलंय पण लेकाच्यांनी. उतार बघ कसा काढलाय."

"बघ?" अरीजने विचारलं. "आत्तापर्यंत 'बघा' होतं."

"आत्तापर्यंत माझं घर होतं."

ती हसली, या वेळी न लपवता. मग एकदम सावध होऊन तिने सांगितलं, "ऐक. अहवाल उद्या देते. त्याच्याबरोबरच अर्ज करते की ही जागा माझ्याकडून काढून दुसऱ्या निरीक्षकाकडं द्यावी. ते होईपर्यंत तुमच्याकडचं कुणीही आमच्या घरी यायचं नाही."

"कॉफी प्यायलासुद्धा नाही?"

"कॉफी प्यायला तर मुळीच नाही."

अहवाल दुसऱ्या दिवशी गेला. त्यात मधली ओळ कणा असल्याचं आणि पूर्वेचा काठ नियोजित घराखाली असल्याचं स्पष्ट लिहिलं होतं. जागेची फाइल कराकहून बदलून आलेल्या एका निरीक्षकाकडे सोपवण्यात आली. हे गृहस्थ जागेवर चहा घेत नाहीत. घराची परवानगी रद्द झाली.

उम्म राइदने चार दिवस मुलाशी अबोला धरला. पाचव्या दिवशी तिनेच दिराला, हाज मुतलकना, निरोप धाडला की कोट इस्त्री करून ठेवा.

शुक्रवारी दुपारच्या नमाजानंतर सुहैबकडची मंडळी मादबात अरीजच्या घरी मागणी घालायला गेली. दिवाणखाना पुरुषांनी भरला. अरीजचे वडील, अबू गस्सान, मधे बसले. छोट्या कपांतून वेलदोड्याची कडू कॉफी फिरली. हाज मुतलकनी आपला कप हातात घेतला, आणि रिवाजाप्रमाणे ओठाला न लावता समोर ठेवला. बाकी सगळ्यांनीही आपापले कप ठेवले.

"अबू गस्सान," ते म्हणाले, "आमचं मागणं पुरं झाल्याशिवाय तुमची कॉफी आम्हाला चालायची नाही. आमच्या सुहैबसाठी तुमची अरीज मागायला आलोय."

"आलात, आनंद आहे," अबू गस्सान म्हणाले. "मुलाची चौकशी केली मी. वाईट कुणी बोललं नाही. पण माझी अट तुमच्या कानावर असेल. ती राहणार कुठं? घर कुठाय?"

स्वयंपाकघराच्या दाराआड अरीजने आईचा दंड घट्ट धरला.

हाज मुतलकनी दाढीवरून हात फिरवला. "घर? घर तुमच्याच लेकीनं घेतलं, अबू गस्सान. सरकारी शिक्का मारून."

आधी कोपऱ्यातला एक म्हातारा खुसखुसला, मग दुसरा, आणि मग सगळा दिवाणखाना हसायला लागला. अबू गस्सान हसले नाहीत. त्यांनी रिवाज सोडून थेट मुलालाच विचारलं,

"ती घेत होती तेव्हा तू काय करत होतास?"

"खणत होतो, काका," सुहैब म्हणाला.

"स्वतःचं घर?"

"मजूर जैतुनावर गेले होते."

आता अबू गस्सानना हसू आवरेना. त्यांनी ते खोकल्यात बुडवायचा प्रयत्न केला. मग दाराकडे मान वळवून, आत ऐकू जाईल अशा आवाजात ते म्हणाले, "घरातही हिचं हेच चालतं. भाजीत मीठ कमी असेल तर लेखी कळवेल. सांभाळता येईल?"

"साखरेचं जमलंय," सुहैब म्हणाला. "मिठाचंही जमेल."

अबू गस्साननी समोरच्या कपांकडे पाहिलं. कॉफी निवत होती.

"प्या," ते शेवटी म्हणाले. "मुलगी दिली. पण लग्न घर झाल्यावर. तिथून मी हटणार नाही."

कप उचलले गेले. आतून बायकांनी जीभ लवलवत आनंदाची आरोळी ठोकली, आणि त्यात सगळ्यात मोठा आवाज उम्म राइदचा होता असं शेजारी सांगतात. फातिहाची प्रार्थना म्हणून झाली. अंगठ्या पुढच्या आठवड्यात घातल्या.

सुहैबने नवा नकाशा दिला आहे. सहा खांब, तीन पूर्वेच्या काठापलीकडे, तीन पश्चिमेच्या. एकाही जुन्या दगडाला धक्का नाही. घर वर, खांबांवर. खालून रस्ता मोकळा, ज्याला बघायचा त्याने येऊन बघावा. परवानगी देणारी समिती सोमवारी जागेवर येऊन गेली. एका सदस्याने पावसाचं पाणी कुठे जाईल ते विचारलं. सुहैबने रोमन उताराकडे बोट दाखवलं. दुसऱ्याने थोडे फोटो काढले. कराकचे निरीक्षक पूर्वेच्या काठावरून टोकापर्यंत चालत गेले आणि चालत परत आले. निर्णय आलेला नाही.

गुरुवारी संध्याकाळी अरीज आणि सुहैब जागेवर होते. त्याने खांबांच्या जागी फक्की मारली, वरच्या खोल्या कुठे येतील ते जमिनीवरच आखून दाखवलं. ती स्वयंपाकघराच्या चौकोनात जाऊन उभी राहिली.

"खिडकी इथं नको."

"का? वारा येतो इथून."

"वारा येतो, पण काही दिसत नाही. भाजी चिरताना मला खालचा रस्ता दिसला पाहिजे."

"दिवसभर रस्तेच बघतो मी. घरी येऊनही तेच?"

"तू नको बघू. तू भाजी चीर."

सुहैबने बुटाने रेघ पुसली आणि दोन पावलं सरकून नवी मारली. तिने मान तिरपी करून पाहिलं. अजून थोडी, म्हणाली. त्याने तीही पुसली.

समितीची पुढची बैठक कधी ते जाहीर झालेलं नाही. शुक्रवारी सकाळपर्यंत खिडकीची तिसरी रेघ जागेवर होती.